चार देवे, सात देवे : गोंड-कोलामांची सोयरीक कशी जुळते?

दिवाळीच्या सुट्टीनंतरचे पहिले आठ-दहा दिवस हजेरीपटाकडे फारसे पाहू नये, असे आमच्याकडचे अनुभवी शिक्षक म्हणतात. कापसाचा वेचा सुरू असतो, मुले आईबापांबरोबर शेतात असतात. हळूहळू वर्ग भरत जातो. काही वर्षांपूर्वी मात्र दहावीच्या वर्गातली एक मुलगी पंधरा दिवस उलटले तरी आली नाही. शिक्षकखोलीत चौकशी केली. एक सहकारी म्हणाले, "पळून गेली." दुसऱ्या बाई म्हणाल्या, "सोडा हो, त्यांच्यात चालतंच."

या दोन्ही उत्तरांनी मी अस्वस्थ झालो. पहिल्यात मुलीने काहीतरी काळे केले असा सूर होता. दुसऱ्यात या लोकांना लग्नाचे काही नियमच नसतात असे गृहीत धरलेले होते. मी सायकल काढली आणि तिच्या पोडावर गेलो.

पोड म्हणजे कोलामांची वस्ती. आमचे कळंब बाहेरच्यांना चिंतामणीच्या देवळामुळे आणि यवतमाळ-नागपूर रस्त्यामुळे माहीत असते. इतिहासाची आवड असणाऱ्यांना हेही माहीत असेल की अकबराच्या काळी वऱ्हाड सुभ्यातल्या एका सरकारचे (म्हणजे आजच्या भाषेत जिल्ह्याचे) हे ठाणे होते. पण तालुक्यात रस्ता सोडून आत गेले की गोंड, परधान आणि कोलाम यांची वस्ती लागते. पोडाच्या नाइकांकडे मी गेलो, झाला प्रकार सांगितला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि मला एकच प्रश्न विचारला.

"गुरुजी, पोरगा कोन्या देवाचा हाय, थे पुसलं का तुमी?"

मी पुसले नव्हते. मुलीचे वय किती, मुलगा काय करतो, तिला फसवून तर नेले नाही ना, असे सगळे माझ्या डोक्यात होते. नाइकांच्या दृष्टीने पहिला प्रश्न वेगळाच होता, आणि तो समजल्याशिवाय बाकी काहीच समजणार नव्हते.

देव किती?

आपल्या वर्गाच्या हजेरीपटावर मडावी, आत्राम, मेश्राम, टेकाम, कुमरे, सिडाम, उईके, तोडसाम अशी आडनावे असतात. ती केवळ ओळखीसाठी नसतात. प्रत्येक आडनाव म्हणजे एक कुळ, आणि प्रत्येक कुळ एका मोठ्या गटात मोडते. या गटाला गोंडीत 'सगा' म्हणतात. किती देव पूजतात यावरून हे गट ओळखले जातात : चार देवे, पाच देवे, सहा देवे आणि सात देवे. गोंडी भाषेत चारला नालुंग, सहाला सारुंग आणि सातला येरुंग म्हणतात. त्यावरूनच नालवेन, सारवेन, येरवेन ही सगांची नावे आली. आपल्या शेजारच्या आदिलाबाद जिल्ह्यात १९४० च्या दशकात दीर्घकाळ राहून राजगोंडांचा अभ्यास करणारे मानवशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी ही व्यवस्था बारकाईने नोंदवून ठेवली आहे. आदिलाबाद आणि यवतमाळ यांच्यामध्ये पैनगंगा असली तरी सोयरीक नदी ओलांडून होत आली आहे.

नियम असा की एका सगातली सगळी माणसे एकमेकांची भाऊ-बहीण. त्यांच्यात लग्न नाही. म्हणजे मुलाचे आणि मुलीचे आडनाव वेगळे असले, त्यांची गावे शंभर कोस दूर असली आणि त्यांच्या सात पिढ्यांत नाते सापडत नसले, तरी दोघांचे देव सारखे असतील तर लग्न चालत नाही. ते बहीण-भावाचे लग्न ठरते. आपल्याकडे सगोत्र विवाहाबद्दल जे म्हटले जाते त्यासारखेच हे आहे. फरक एवढाच की आपल्यातल्या बहुतेकांना स्वतःचे गोत्र भटजींना विचारावे लागते, पोडावरच्या आठ वर्षांच्या मुलाला मात्र आपले देव किती ते तोंडपाठ असते. शंका असेल तर वर्गात विचारून पाहा.

हे गट कुणी पाडले? पहांदी कुपार लिंगो याने, असे गोंडांची परंपरा सांगते. गोंडांचे देव एका गुहेत कोंडलेले होते, लिंगोने त्यांना सोडवले, त्यांचे गट पाडले आणि आपल्या गटात लग्न करायचे नाही असे घालून दिले. गोंदिया जिल्ह्यातील कचारगडची मोठी गुहा या कथेशी जोडली जाते आणि माघ पौर्णिमेला तिथे यात्रा भरते. ही कथा गाऊन सांगण्याचा मान परधानांचा. किंगरी वाजवत ते गोंड कुळांच्या कथा सांगत आले. नागपूरला राहिलेले स्टीफन हिस्लॉप (ज्यांच्या नावाने तिथले महाविद्यालय आहे) यांनी एका परधानाकडून लिंगोची गाथा ऐकून उतरवून घेतली. १८६३ साली हिस्लॉप बुडून वारले आणि त्यांची टिपणे १८६६ साली रिचर्ड टेंपल यांनी छापली. म्हणजे कायद्याचे हे पुस्तक निदान दीडशे वर्षांपूर्वीपर्यंत पूर्णपणे गाण्यात साठवलेले होते.

कोलाम ही वेगळी जमात. त्यांची कोलामी भाषा गोंडीप्रमाणेच द्राविडी कुळातली आहे. मरे एमेनो यांनी १९५५ साली तिचे जे व्याकरण प्रसिद्ध केले ते आपल्या शेजारच्या वर्धा जिल्ह्यातल्या बोलीवर आधारलेले आहे. महाराष्ट्रातल्या तीन अतिअसुरक्षित आदिवासी गटांत कातकरी आणि माडिया गोंड यांच्याबरोबर कोलामांचा समावेश होतो. २०११ च्या जनगणनेत राज्यात कोलामांची संख्या सुमारे १ लाख ९४ हजार होती, गोंडांची १६ लाखांवर. गोंड आणि कोलाम आपसात लग्ने करीत नाहीत, पण देवांच्या संख्येवरून गट पाडण्याची पद्धत कोलामांतही आहे आणि वर दिलेल्यांपैकी काही आडनावेही त्यांच्यात आढळतात. नाइकांच्या प्रश्नाचा अर्थ आता लक्षात येईल. पळून जाणे हा दोष पंच बसून मिटवू शकतात. मुलगा-मुलगी एकाच देवाची निघाली तर ते मिटवणे फार अवघड.

मामंजी आणि आत्याबाई

कुणाशी लग्न करू नये हे झाले. कुणाशी करावे याचाही संकेत आहे. मामाची किंवा आत्याची मुलगी ही पहिली पसंती. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी १९१६ साली मध्य प्रांतातील जातीजमातींवर चार खंडांचा ग्रंथ लिहिला. त्यात गोंडांच्या या पद्धतीला 'दूध लौटाना' म्हणतात अशी नोंद आहे. एका घराने आपली मुलगी दुसऱ्या घराला दिली, म्हणजे दूध दिले. पुढच्या पिढीत त्या घराने आपली मुलगी परत दिली, म्हणजे दूध परतले.

यात आपल्याला नवल वाटण्याचे खरे म्हणजे कारण नाही. मराठी सून सासऱ्याला काय म्हणते? मामंजी. सासूला? आत्याबाई. आपण हे शब्द इतके सहज वापरतो की त्यांचा अर्थ कानावरून निघून जातो. सासरा हाच मामा आणि सासू हीच आत्या, अशी लग्ने ज्या समाजात नेहमीची होती, त्याच समाजात हे शब्द रुजू शकतात. इरावती कर्वे यांनी १९५३ च्या आपल्या ग्रंथात भारताचे नातेसंबंधांच्या दृष्टीने विभाग पाडले. उत्तरेत मामेबहीण ही बहीणच असते, तिच्याशी लग्नाचा विचारही पाप. दक्षिणेत ती हक्काची वधू असते. महाराष्ट्र या दोन्हींच्या सीमेवर आहे. आपल्याकडच्या अनेक जातींत मामाची मुलगी चालते आणि आत्याची चालत नाही, ही त्या सीमेचीच खूण.

पण मामाची आणि आत्याची चालते, तर काकाची आणि मावशीची का नाही? रक्ताचे नाते तर चौघींशीही सारखेच आहे. हा प्रश्न मुले हमखास विचारतात आणि त्याचे उत्तर फळ्यावर दोन मिनिटांत देता येते.

समजा, समाजाचे दोनच गट आहेत, क आणि ख. मूल बापाच्या गटाचे, आणि लग्न नेहमी दुसऱ्या गटात. मी क गटाचा, म्हणजे माझे वडील क आणि आई ख. काका वडिलांचे भाऊ म्हणून क, त्यांची मुले क. मावशी आईची बहीण म्हणून ख. तिला नवरा क गटातलाच मिळणार, म्हणून तिची मुले क. म्हणजे चुलत आणि मावस भावंडे माझ्याच गटात आली. आता मामा ख, त्याची मुले ख. आत्या क, तिचा नवरा ख, म्हणून तिची मुलेही ख. मामे आणि आते भावंडे नेहमी पलीकडच्या गटात पडतात. मावसबहीण ही बहीण आणि मामेबहीण ही वधू, हे एका साध्या नियमातून आपोआप निघते.

प्रत्यक्षात सगे दोन नसून चार आहेत, त्यामुळे गणित थोडे बिघडते. आई सात देवांची आणि वडील चार देवांचे असले, तरी मावशी पाच देवांच्या घरी दिलेली असू शकते. मग तिची मुले तिसऱ्याच सगातली. नुसता सगाचा नियम पाहिला तर मावसबहीण चालायला हवी. पण ती चालत नाही, कारण बोलीत तिला बहीणच म्हणतात. जिथे गटाचा नियम पुरा पडत नाही तिथे नात्याचा शब्द कुंपण घालतो. भाषेचे असे काम फार थोड्या ठिकाणी इतके स्पष्ट दिसते. आणि हे केवळ आपल्या परिसरापुरते नाही. अमेरिकेतील लुइस हेन्री मॉर्गन यांनी १८७१ साली जगभरच्या नात्यांच्या शब्दांचा संग्रह प्रसिद्ध केला. त्यात न्यूयॉर्ककडील सेनेका इंडियन आणि आपल्या तमिळ लोकांची नात्यांची रचना इतकी मिळतीजुळती निघाली की ते चकित झाले. दोन्हीकडे काका हा बापच आणि मावशी ही आईच. समान पूर्वज असल्याचा त्यांनी काढलेला निष्कर्ष पुढे टिकला नाही, पण नात्यांचा शास्त्रीय अभ्यास तिथून सुरू झाला.

भेट कुठे होते, लग्न कसे लागते

आमची विद्यार्थिनी दिवाळीतच का गेली असावी? दिवाळीच्या आधीपासून गोंड आणि कोलामांच्या वस्त्यांत दंडारीचा हंगाम असतो. एका गावचे पथक वाद्ये घेऊन दुसऱ्या गावी नाचायला जाते, मुक्काम करते, यजमान गाव त्यांना जेवू घालते. मोरपिसांचा मोठा टोप घातलेला घुसाडी आपण चित्रांत पाहिला असेल. ज्या गावांशी सोयरीक होऊ शकते तिथे अशी जाणीयेणी होतात आणि तरुण मुलामुलींना एकमेकांना पाहायची, चार शब्द बोलायची संधी मिळते. शिवाय आठवडी बाजार आहे, जत्रा आहे, मोहफुले वेचायचे दिवस आहेत. मुलामुलींनी एकमेकांशी बोलणे यात तिथल्या मोठ्या माणसांना वावगे वाटत नाही. वाटायला लागले आहे ते आमच्यासारख्यांच्या संगतीने.

नेहमीचे लग्न मात्र वडीलधारेच ठरवतात. मुलाकडचे मागणी घालायला जातात. मुलीकडच्यांनी मुलाकडच्यांना मागणी घालायची नसते. बोलणी पंचांसमक्ष होतात. मुलाकडून मुलीच्या घरी देज दिले जाते. देज म्हणजे मुलगी विकत घेणे, असा गैरसमज सुशिक्षितांत पक्का आहे. शेतात, रानात, घरात राबणारे दोन हात त्या घरातून जाणार, त्याची ही जाणीवपूर्वक दिलेली भरपाई आहे. जिथे मुलीच्या कामाला किंमत आहे तिथे देज असते, आणि जिथे तिचे कामच मोजले जात नाही तिथे हुंडा येतो. नोकरदार आदिवासी घरांत आता देज जाऊन हुंडा येऊ लागला आहे. त्याला कुणी सुधारणा म्हणत असेल तर म्हणो.

गोंड लग्नाचे सर्वांत ठळक वैशिष्ट्य रसेल-हिरालाल यांनी शंभर वर्षांपूर्वीच टिपले आहे. वरात मुलीकडून निघते आणि मांडव मुलाच्या दारी असतो. बाहेरचा पुरोहित लागत नाही. मुलगी नवऱ्याच्या कुळात जाते ती अक्षता पडल्यामुळे नव्हे, तर त्या कुळाच्या देवाला, पर्सा पेनला, तिची भेट घडल्यावर. याचे सर्वांत मोठे दर्शन पाहायचे असेल तर पुष्य अमावास्येला आदिलाबाद जिल्ह्यातल्या केसलापूरला जावे. तिथल्या नागोबाची पूजा मेश्राम कुळाकडे आहे. गोदावरीचे पाणी पायी आणून पूजा होते आणि त्या कुळात नव्याने आलेल्या सुनांची देवाशी भेट घडवतात. त्याला 'भेटिंग'च म्हणतात. पांढरी वस्त्रे घातलेल्या सुनांची रांग बराच वेळ चालू असते.

देज द्यायला पैसे नसतील तर? मुलगा काही वर्षे मुलीच्या घरी राहून राबतो आणि मग लग्न लागते. अशा मुलाला लमसेना किंवा लमझना म्हणतात. दोघांची मने जुळली पण घरचे मानत नसतील तर दोघे निघून जातात, आणि काही दिवसांनी पंच बसून देज, दंड आणि जेवण ठरवतात. काही वेळा मुलगी स्वतःच मुलाच्या घरात येऊन बसते आणि हटत नाही. विधवेचे लग्न होते, धाकट्या दिराशीही होऊ शकते. नवऱ्याशी पटले नाही तर बाई निघून जाऊ शकते, दुसरे घर करू शकते. तेव्हा नव्या नवऱ्याने जुन्याला भरपाई द्यायची असते.

हे सगळे 'नियम नसल्याचे' लक्षण नाही. उलट, नियम मोडल्यावर पुढे काय करायचे याचेही नियम आहेत. तुलनेसाठी संथाळांकडे पाहू. झारखंड, बंगाल, ओडिशा या भागांतली ही फार मोठी जमात. त्यांची संथाळी भाषा द्राविडी नाही, मुंडा गटातली आहे. त्यांची कुळे वेगळी, पण एका कुळात लग्न नाही हा नियम तिथेही आहे. लग्नाला ते बापला म्हणतात आणि प्रत्येक प्रकाराला स्वतंत्र नाव देतात. देज देऊन रायबाराच्या (मध्यस्थाच्या) मार्फत झालेले ते 'किरिञ बहू बापला'. गरिबाघरची मुलगी डोक्यावर टोपली घेऊन नवऱ्याच्या घरी जाते, ते 'टुंकी दिपिल बापला'. मुलगी स्वतः मुलाच्या घरात शिरते, ते 'ञिर बोलोक'. मुलाने बाजारात वा वाटेत बळजबरीने मुलीच्या भांगात शेंदूर भरला, तर ते 'इतुत'. यात मुलीची संमती नसते हे विसरून चालणार नाही, पण गावाकडून त्याबद्दल दंडही होतो. काडीमोडाला 'साकाम ओरेच' म्हणतात, शब्दशः पान फाडणे. पंचांसमोर सालाचे पान फाडले की नाते संपले. आपल्या लमसेनासारखा त्यांच्याकडे 'घरदी जावांय' आहे. हजार किलोमीटर दूर, भाषाकुळ वेगळे, तरी अडचणी सारख्या असल्यामुळे तोडगेही सारखे निघाले.

इथे थोडे विषयांतर करतो. आदिवासींच्या प्रेमाविषयी आणि लग्नाविषयी लिहिताना बाहेरच्या लेखकांचा तोल फार वेळा गेला आहे. लग्नावाचून राहणाऱ्या बायकांसाठी कोलाम पुरुष पकडून आणतात, अशी एक नोंद रसेल-हिरालाल यांच्या ग्रंथात थट्टेच्या सुरात आली आहे. बस्तरच्या मुरियांच्या गोटुलवर व्हेरिअर एल्विन यांनी १९४७ साली जाडजूड पुस्तक लिहिले, अभ्यासपूर्णही लिहिले. पण त्यातले निवडक तेवढे उचलून नंतरच्या कितीतरी नियतकालिकांनी चटकदार मजकूर छापला. गोटुल ही काम, गाणी, शिस्त आणि कथा शिकण्याची जागा आहे, हे त्यात हरवले. आपल्या गडचिरोलीच्या माडियांचे गोटुल तर मुरियांहून वेगळे, मुख्यतः मुलग्यांचे. वर्गात आदिवासी मुले बसलेली असताना हा विषय शिकवणाऱ्याने हे ध्यानात ठेवलेले बरे.

पंचांचा कायदा आणि सरकारचा

आता पुन्हा आमच्या विद्यार्थिनीकडे येऊ. मुलगा वेगळ्या देवाचा निघाला. नाइकांच्या दृष्टीने अडचण संपली होती. माझ्या दृष्टीने ती सुरूच होत होती, कारण मुलगी १६ वर्षांची होती.

१९५५ चा हिंदू विवाह कायदा अनुसूचित जमातींना लागू होत नाही. केंद्र सरकारने तशी अधिसूचना काढली तरच तो लागू होईल, असे त्याच्या दुसऱ्या कलमात म्हटले आहे. त्यांचे लग्न रूढीने चालते. ही सवलत आहे तशी अडचणही आहे. २००१ साली सर्वोच्च न्यायालयापुढे एक खटला आला, पत्नी उरांव आणि पती संथाळ. पतीने दुसरे लग्न केल्याची पत्नीची तक्रार होती. न्यायालय म्हणाले, हिंदू विवाह कायदा इथे लागू नाही. दुसरे लग्न रद्दबातल ठरवणारी रूढी तुमच्या जमातीत आहे हे तुम्ही सिद्ध करा. तिला ते करता आले नाही आणि ती हरली. रूढी गाण्यात असते, पंचांच्या तोंडी असते. न्यायालयाला ती कागदावर लागते.

वयाची गोष्ट मात्र वेगळी. २००६ चा बालविवाह प्रतिबंधक कायदा जमात पाहत नाही : मुलगी १८, मुलगा २१. लैंगिक अपराधांपासून मुलांचे संरक्षण करणारा २०१२ चा कायदा १८ वर्षांखालील मुलीची संमती मानतच नाही, आणि असा प्रकार कळल्यावर तो न कळवणाऱ्यालाही दोषी धरतो. यात शिक्षक आलेच. नाइकांना हे सांगताना माझी जीभ जड झाली. ज्या मुलाने त्यांच्या रीतीप्रमाणे काही गैर केले नव्हते त्याला तुरुंग दिसू शकत होता. पण सोळाव्या वर्षी शाळा सुटलेल्या मुलीचे पुढे काय होते हेही मी वीस वर्षे पाहत होतो. आम्ही कळवले. गावात बालविवाह प्रतिबंधक अधिकारी म्हणून ग्रामसेवक असतो, त्याने आणि पोडाच्या पंचांनी बसून मुलीला आईवडिलांकडे आणले. त्या वर्षी ती परीक्षेला बसली नाही. मी केले ते बरोबर की चूक, याचे सरळ उत्तर माझ्याजवळ नाही. एवढे खरे की पंचांना आधी विचारले म्हणून ते बसले. थेट पोलिसांना घेऊन गेलो असतो तर पोडावरच्या कुठल्याच घराचे दार मला पुन्हा उघडले नसते.

रक्ताचा हिशेब

अठरा पूर्ण झाल्यावर त्याच मुलाशी तिचे लग्न लागले. मांडव मुलाच्या दारी होता, मला निमंत्रण होते. त्यानंतर वर्षभराने शाळेचे कपाट आवरताना आरोग्य तपासणीच्या जुन्या कागदांत तिचे सिकलसेलचे कार्ड सापडले. त्यावर 'एएस' लिहिलेले होते. म्हणजे ती वाहक. हा कागद तीन वर्षे आमच्या कपाटात होता.

सिकलसेल म्हणजे काय ते थोडक्यात. तांबड्या पेशीतल्या हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत १४६ अमिनो आम्ले असतात. त्यांतल्या सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन आले की ऑक्सिजन कमी पडताच पेशी विळ्यासारखी वाकते. निरोगी पेशी १२० दिवस जगते, अशी पेशी जेमतेम १० ते २० दिवस. आईवडिलांपैकी एकाकडूनच हे जनुक आले तर माणूस वाहक (एएस), त्याला सहसा काही त्रास नसतो. दोघांकडून आले तर रुग्ण (एसएस). दोन्ही पालक वाहक असतील तर प्रत्येक बाळंतपणात मूल रुग्ण निपजण्याची शक्यता चारात एक. हे जनुक टिकले कारण वाहकाला घातक मलेरियापासून बरेच संरक्षण मिळते. एका काळी रानात ते वरदानच होते. नागपूरच्या डॉक्टरांनी १९५८ साली मध्य भारतातल्या सिकलसेलची नोंद प्रसिद्ध केली, तेव्हापासून विदर्भातल्या आदिवासी आणि काही बिगर आदिवासी समाजांत तो आढळतो हे माहीत आहे.

मग मामेबहिणीशी लग्न हेच याचे मूळ, असे भाषणांतून सर्रास सांगितले जाते. हिशेब करून पाहू. समजा, एखाद्या समाजात शंभरात १५ जण वाहक आहेत. वाहक मुलाने समाजातली कोणतीही मुलगी केली तर ती वाहक असण्याची शक्यता १५ टक्के. मामेबहीण केली तर? दोघांना एक आजा-आजी समान, म्हणून त्याच्याकडचे नेमके तेच जनुक तिच्यातही असण्याची शक्यता ८ मध्ये १, म्हणजे साडेबारा टक्के. उरलेल्या ८ मध्ये ७ वेळा ती इतर कुणासारखीच, म्हणजे १५ टक्क्यांनी वाहक, त्याचे झाले सुमारे १३. एकूण २५-२६ टक्के. धोका वाढतो, पण दुपटीच्या आतच. मामेबहीण टाळून समाजातलीच परकी मुलगी केली तरी १५ टक्के उरतातच, कारण सगळा समाज आपल्यातच लग्न करतो. दुर्मीळ रोगांत मात्र चित्र उलटे असते. तिथे जवळच्या नात्यातले लग्नच मुख्य कारण ठरते. हा फरक उच्च माध्यमिकच्या विद्यार्थ्यांकडून आकडे बदलून करून घ्यावा. शंभरात एकच वाहक धरा, आणि काय होते ते पाहा.

सगाचा नियम बापाकडचे नाते दूर ठेवतो, आईकडचे नाही. या नियमाने सिकलसेल अडणार नव्हता, कारण तो त्यासाठी केलेलाच नाही. अडवायचा तर रक्त तपासणे हाच उपाय. साधी विद्राव्यता चाचणी बोटाच्या थेंबावर होते, आणि ती सदोष आली की इलेक्ट्रोफोरेसिसने वाहक की रुग्ण ते ठरते. १ जुलै २०२३ रोजी देशपातळीवर सिकलसेल निर्मूलन मोहीम सुरू झाली, तिचा भरही तपासणीवर आणि लग्नापूर्वीच्या सल्ल्यावर आहे.

ते कार्ड घेऊन मी पोडावर गेलो. नाइकांना वरचा हिशेब मातीवर काडीने काढून दाखवला. दोन गटांचा खेळ त्यांना माझ्याआधीच समजलेला होता, त्यामुळे चारात एक समजायला वेळ लागला नाही. ते म्हणाले, "मंग देव पाह्यतो त्याच वक्ताले हे काहून नाही सांगतलं?" मुलाची तपासणी त्याच आठवड्यात ग्रामीण रुग्णालयात करून घेतली. निकाल काय आला हा त्या दोघांचा खाजगी मामला आहे.

वर्गात हा विषय घेणार असाल तर काही सूचना. वंशवृक्ष काढायला सांगताना पुरुषाला त्रिकोण, स्त्रीला वर्तुळ, लग्नाला बरोबरची खूण वापरा. मानवशास्त्रात तीच पद्धत आहे. प्रत्येक मुलाने आपल्या घरात मामा, आत्या, काका, मावशी यांच्या मुलांना कोणत्या शब्दांनी हाक मारतात ते लिहावे. मराठी, गोंडी, कोलामी, बंजारा, उर्दू असे पाच रकाने आमच्या एका वर्गातच भरले. उर्दू बोलणाऱ्या घरांत चुलत बहिणीशीही लग्न चालते, तिथे दोन गटांचे गणित का लागत नाही, हा प्रश्न मुलांनाच सोडवू द्या. देव किती, हे मुले आनंदाने सांगतात. सिकलसेलचे कार्ड मात्र वर्गात कुणाचेही विचारू नये, फळ्यावर खरे नाव घेऊ नये, आणि तपासणी शिबिरातून आलेली कार्डे त्याच दिवशी पालकांच्या हाती द्यावीत.